सरंग्याची राख

मी लग्न होऊन तारापूरला आले, तेव्हा गावाबाहेर अणुवीज केंद्राचं बांधकाम चाललं होतं. अणू म्हटलं की बॉम्ब, एवढंच आम्हाला ठाऊक. सरकार मात्र सांगायचं, इथे फक्त वीज होणार.

माझ्या सासूबाई मासळी विकायच्या. केंद्राच्या प्रयोगशाळेतले एक साहेब त्यांच्याकडून नेहमी ताजा सरंगा, म्हणजे पापलेट, घ्यायचे आणि भावाची घासाघीसही करत नसत. सासूबाई खूश होत्या. एकदा आम्ही दोघी मासळी पोचवायला थेट आत गेलो, तर साहेबांनी भट्टी उघडून आदल्या दिवशीचा सरंगा बाहेर काढला. त्याची मूठभर राख झाली होती.

सासूबाईंनी पाटी खाली आपटली. "करपवला ना सायब! घरात रांधणारं कोन नाय का?"

"मावशी, मला राखच हवी असते. केंद्र सुरू व्हायच्या आधी मासळीत काय आहे ते बघून ठेवायचं. पुढे किरणोत्सर्ग वाढला तर कळेल."

"सरंग्यात काय हाय ते खाल्ल्यावर कळतं."

साहेब संकोचून म्हणाले, "मी मासे खात नाही."

सासूबाई माझ्याकडे बघतच राहिल्या.

काही महिन्यांनी साहेब आनंदाने सांगत आले, "मावशी, तुमच्या मासळीत घाबरण्यासारखं काही नाही!"

सासूबाईंना फक्त शेवटचे दोन शब्द ऐकू आले. दुसऱ्या दिवशी त्यांनी गाभोळीने, अंड्यांनी गच्च भरलेला सगळ्यात मोठा सरंगा निवडला आणि साहेबांच्या टेबलावर ठेवला.

"आता बघा, काय हाय की नाय त्ये!"