बाबा प्रेक्षक गॅलरीत

संसदेच्या प्रश्न शाखेत मी सहायक आहे. खासदारांना मंत्र्यांकडून जे जाणून घ्यायचं असतं, त्याची सूचना आधी आमच्या टेबलावर येते. प्रश्न नियमात बसतो का, त्यात आरोप तर नाहीत, विषय केंद्राचा आहे की राज्याचा, हे बघून आम्ही तो वर पाठवतो. कणकवलीच्या कॉलेजातून पदवी घेऊन, स्पर्धा परीक्षा देऊन मी दिल्लीला आले तेव्हा वाटलं होतं, सरकारी नोकरी लागली, आता जिवाला घोर नाही. पहिल्याच अधिवेशनात कळलं, की इथं छापण्यात एक शब्द इकडचा तिकडे झाला तर भर सभागृहात कुणीतरी उठून तो कागद फडकावू शकतं. तेव्हापासून अधिवेशन जवळ आलं की माझं जेवण कमी होतं.

घरी हे कुणाला पटत नसे. आमचं घर मालवणजवळ, किनाऱ्यालगत. बाबा रापणीवर जातात, म्हणजे बरीच माणसं मिळून किनाऱ्यावरून जे लांबलचक जाळं ओढतात त्यावर. अलीकडे मोठ्या यांत्रिक बोटी पाण्यात झगझगीत दिवे सोडून मासळी गोळा करून नेतात. त्याला बंदी आहे, पण बोटी येतातच, आणि रापण नुसतं शेवाळ आणि प्लास्टिक घेऊन वर येते. मी सुट्टीवर गेले की बाबा हाच विषय काढत.

"तू थयच बसतंस मां? मगे आमचो प्रश्न घाल की गो."

"माका घालूक येणा नाय, बाबा. तो खासदारान घालूचो."

"मगे तू थय करतंस तरी काय?"

मी विषय बदलायचे.

मागच्या एका अधिवेशनाआधी सूचना वाचताना एका कागदावर माझा हात थांबला. किनारपट्टीवरची दिव्यांची मासेमारी, पारंपरिक मच्छीमारांचं नुकसान. आमच्याकडच्या मच्छीमारांनी एका खासदारांना निवेदन दिलं होतं, त्याचाच हा प्रश्न. मला आनंद व्हायला हवा होता. वाटली ती भीती. उद्या कुणी म्हणालं, की शाखेतल्या मुलीने स्वतःच्या गावचा प्रश्न आत घुसवला, तर? मी कागद उचलून सरळ आमच्या अधिकाऱ्यांकडे गेले.

"सर, हा प्रश्न माझ्या गावचा आहे. दुसऱ्या कुणाकडे द्या."

त्यांनी चष्म्यावरून पाहिलं. "इथे प्रत्येक प्रश्न कुणाच्या ना कुणाच्या गावचाच असतो," ते म्हणाले. पण कागद त्यांनी दुसऱ्या सहकाऱ्याकडे दिला.

प्रश्न मंजूर झाला. तोंडी उत्तराच्या प्रश्नांचा क्रम सोडतीने ठरतो, त्यात तो बराच वर लागला. माझा त्यात काडीचाही हात नव्हता. गावात मात्र सगळ्यांनी मनाशी धरलं, की हे मीच केलं. फोनवर लोक माझं कौतुक करायला लागले आणि मी फोन लवकर ठेवू लागले. त्यात बाबांनी जाहीर केलं, की मच्छीमारांच्या शिष्टमंडळाबरोबर तेही दिल्लीला येणार. खासदारांनी सगळ्यांना प्रेक्षक गॅलरीचे पास मिळवून दिले होते.

बाबांचा आवाज समुद्रावरचा. ते हळू बोलले तरी शेजारच्या घरात कळतं. गॅलरीत बोलायचं नाही, टाळ्या नाहीत, घोषणा नाही. कुणी तसं केलं तर सुरक्षा कर्मचारी उचलून बाहेर नेतात, चौकशी होते. माझ्या खोलीवर चहा पीत असताना मी त्यांना हे पुन्हा पुन्हा सांगत होते.

"गो, मी काय पोर आसंय?" ते शेवटी वैतागले.

"पोर नाय, बाबा. पण थय माझी नोकरी आसा."

त्यांनी कप खाली ठेवला आणि पिशवीतला पांढरा शर्ट काढून इस्त्री मागितली.

दुसऱ्या दिवशी अकरा वाजता प्रश्नोत्तरांचा तास सुरू झाला. मी शाखेत होते. आमच्याकडे भिंतीवर टीव्ही असतो, त्यावर सभागृह दिसतं. पण कॅमेरा प्रेक्षक गॅलरीकडे कधी वळत नाही. बाबा कुठे बसलेत, कसे बसलेत, काही कळायला मार्ग नव्हता. पहिल्या प्रश्नालाच गोंधळ झाला. काही सदस्य घोषणा देत पुढे आले. मला वाटलं, आता कामकाज तहकूब होणार. खरं सांगायचं तर, होऊ दे, असंही वाटलं. पण गोंधळ निवळला. एकेक प्रश्न पुढे सरकला आणि आमचा पुकारला गेला.

मंत्र्यांनी लेखी उत्तर सभागृहासमोर ठेवलं. खासदार पुरवणी प्रश्न विचारायला उभे राहिले. "माझ्या मालवणच्या किनाऱ्यावर," असं ते म्हणाले आणि त्याच क्षणी अध्यक्षांची नजर वर गेली. टीव्हीवर ते स्पष्ट दिसलं. वर म्हणजे गॅलरीकडे. लगेच अध्यक्षांनी मान खाली घातली आणि कामकाज चालू राहिलं, पण मला पुढचं ऐकूच आलं नाही.

मग टेबलावरचा फोन वाजला. गॅलरीच्या दारावरचा ओळखीचा सुरक्षा कर्मचारी बोलत होता. "मॅडम, तुमचे वडील बाहेर आहेत. या जरा."

त्या लांब मार्गिकेतून मी धावले नाही, कारण तिथे धावलं की लोक बघतात. पण कशी चालले ते मला आठवत नाही. बाबा दाराबाहेरच्या बाकावर बसले होते. इस्त्रीचा पांढरा शर्ट, दोन्ही हात गुडघ्यांवर.

"काय केलात बाबा?"

"मी एक शबूद बोलाक नाय," ते म्हणाले. आयुष्यात पहिल्यांदा त्यांचा आवाज मला जेमतेम ऐकू आला. "उभो रवलंय फक्त. मालवणचा नाव घेतल्यान मां? ग्रामसभेत आपलो विषय इलो काय आपण उभे रवतो. माका वाटला, थयसुदीक तसाच आसतला."

मी सुरक्षा कर्मचाऱ्याकडे पाहिलं. तो म्हणाला, "बसा म्हटल्यावर लगेच बसले, पण नियम आहे ना. बाहेर आणावं लागलं. नाव लिहून घेतलंय."

"तुझी नोकरी जायत गो?" बाबांनी विचारलं.

नाही, असं मी म्हणाले. खात्री नव्हती. शेजारी बसले आणि त्यांचा हात धरला.

"उत्तर काय दिल्यान मंत्र्यान?" थोड्या वेळाने त्यांनी विचारलं. त्यांना बाहेर आणल्यामुळे ते ऐकायचं राहिलं होतं. मलाही माहीत नव्हतं. शाखेत येऊन मी ते वाचलं: किनाऱ्याजवळच्या पाण्यातली मासेमारी हा राज्याचा विषय, राज्याला कारवाईच्या सूचना दिल्या आहेत. संध्याकाळी बाबांना सांगितलं. त्यांनी दोनदा विचारून घेतलं, मग म्हणाले, "म्हणजे परत आमकाच मालवणात जावन विचारूचा लागतला."

ते गेल्यावर बरेच दिवस मी मेमोची वाट पाहिली. अधिकाऱ्यांनी आत बोलावलं की मी आधी त्यांच्या हातातला कागद बघायचे. एकदा त्यांनी विचारलं, "वडील सुखरूप पोचले?" तेवढंच. मेमो आला नाही. तरी अधिवेशन संपल्यावर मी शाखा बदलून मागितली. आता मी छपाईकडे आहे. तिथेही चुका होतात, पण गावचा भार कुणी माझ्यावर टाकत नाही, असं मी स्वतःला सांगते.

परवा बाबांचा फोन आला. मागून लाटांचा आवाज येत होता. दिव्यांच्या बोटी अजून येतात म्हणाले, आणि या वेळी सगळे मिळून जिल्ह्याच्या कार्यालयावर जाणार आहेत.

"सांभाळून बोला थय," मी म्हणाले.

"थय गप रवान कसा चालतला?" बाबा मोठ्याने म्हणाले. फोन कानापासून लांब धरावा लागला.