फेब्रुवारीतला जुलै

वेल्समधल्या कार्डिफला फेब्रुवारीत आम्ही जुलै शूट करत होतो. टीव्ही ड्रामाच्या धंद्यात याला नियोजन म्हणतात. बागेतली सहल, नायिका बिनबाह्यांच्या फ्रॉकमध्ये, नायकाच्या शर्टाची बटणं उघडी, आणि आम्ही बाकीचे पायघोळ जाकिटांत. तेव्हा अजून फिल्मवर काम चालायचं. कित्येक वर्षं दुसऱ्यांच्या लेन्स बदलल्यावर मला पहिल्यांदाच मुख्य कॅमेरा मिळाला होता, तोही चाचणीपुरता. एवढा दिवस नीट पार पडला तर अख्खी मालिका तुझी, असं प्रोड्यूसरबाईंनी सांगितलं होतं.

थंडीत बोललं की तोंडातून वाफ निघते, आणि जुलैत ती निघून चालत नाही. त्यावर आमच्याकडे जुना उपाय आहे. टेकच्या, म्हणजे कॅमेरा सुरू होण्याच्या, आधी नटांनी बर्फ चघळायचा. तोंड गार पडतं, वाफ दिसत नाही.

हे आईला कोणी सांगितलं नव्हतं. आई लंडनच्या हॅरो भागातली निवृत्त जीपी, म्हणजे फॅमिली डॉक्टर, कार्डिफला मैत्रिणीकडे आलेली. ‘तू नक्की करतेस काय, ते बघू तरी’ म्हणून सकाळपासून सेटवर बसली होती. उघड्या दंडांनी कुडकुडत बर्फ खाणारी माणसं बघून तिला राहवेना. ती तरातरा त्यांच्याकडे गेली.

“मी डॉक्टर आहे. थुंका आधी ते!”

या देशात लोक डॉक्टरसाठी आठवडेच्या आठवडे थांबतात. आपणहून चालत आलेली कोण सोडणार? दोघांनी निमूटपणे बर्फ थुंकला. आईने थर्मासमधला आल्याचा चहा त्यांना पाजला. मी लाइट लावण्यात गर्क होते, मला पत्ताच नाही.

“ॲक्शन!”

“किती उकडतंय नाही?” नायिका म्हणाली आणि तिच्या तोंडातून वाफेचा लोट निघाला. नायकाने उत्तर दिलं, तेव्हा तर त्याचा चेहराच दिसेना. पुन्हा बर्फ दिला, तर नायिका म्हणाली, डॉक्टरांनी मनाई केली आहे. या वादात उजेड गेला.

“अगं आई, माझं काम गेलं!”

“आणि तिला न्युमोनिया झाला असता म्हणजे?”

प्रोड्यूसरबाई गोड हसल्या. “खूपच इंटरेस्टिंग दिवस होता. आम्ही फोन करू.” असं गोड बोलून इथे माणसाला घरी पाठवतात. सामान आवरताना मला रडू आवरेना.

दुसऱ्या दिवशी फोन आला, पण आईला. नायिका हटून बसली होती, सेटवर डॉक्टर हवी ती हीच.

“येईन की,” आई म्हणाली. “पण कॅमेऱ्यावर माझी मुलगी हवी.”

पलीकडे प्रोड्यूसरबाईंनी कुणाशी तरी कुजबुज केली. मग होकार आला.

मी भडकलेच. इतकी वर्षं चिखलात केबल ओढल्या, आणि मालिका मिळाली ती आईच्या वशिल्याने! “त्यांनी माझं काम धड पाहिलंसुद्धा नाही,” मी ओरडले.

“मी पाहिलं ना,” आई म्हणाली. “काल दिवसभर तेच तर बघत होते. उगीच कुणाची शिफारस मी जन्मात केलेली नाही.”