डफड्यावरची दुरुस्ती

टीव्हीवर चुकीच्या बातमीबद्दल दिलगिरीची बारीक पट्टी सरकून गेली, की मोताळ्याजवळच्या एका गावातला आठवडी बाजार आजही माझ्या डोळ्यांपुढे उभा राहतो. महाराष्ट्र राज्य तेव्हा नुकतेच झाले होते आणि मी त्या भागात नवा फौजदार होतो.

बाजाराच्या दिवशी ठाण्यात खबर आली: एका घरातली सगळी माणसे उलट्यांनी बेजार आहेत, देऊळघाटच्या माळणीने विषारी औषध मारलेली वांगी विकली. मी पोचलो तोवर पोलीस पाटलांनी कोतवालाकरवी डफडे वाजवून दवंडी पिटवूनही टाकली होती, की त्या बाईची भाजी कोणी घेऊ नये. ती विधवा भरल्या टोपलीपाशी मान खाली घालून बसली होती. त्या टोपलीवरच तिचे घर चालायचे.

मी जबाब घ्यायला बसलो. प्रत्येकाला एकच विचारले, तुम्ही डोळ्यांनी पाहिले काय? जो तो शेजाऱ्याकडे बोट दाखवी. बोट फिरत फिरत खुद्द पाटलांपर्यंत आले आणि पाटलांनी म्हणे ते बाजारातच ऐकले होते! मग मी उठलो आणि आजारी घराच्या चुलीपाशी गेलो. सकाळची कढी पितळी पातेल्यात तशीच होती. पातेल्याची कल्हई उडालेली, काठाला हिरवे चढलेले; आंबट कढी त्यात कळकून विषारी झाली होती. वांगी अजून पिशवीतून बाहेरही निघाली नव्हती.

माणसे दोन दिवसांत बरी झाली. पाटील भले गृहस्थ होते. झाले गेले, मी चार लोकांना सांगतो, असे ते म्हणाले. तेव्हा बाईने पहिल्यांदा मान वर केली.

"पाटील, मले बदनाम केलं डफड्यावर. आता खरं कानात काऊन सांगता?"

पाटलांनी कोतवालाला हाक मारली. पुढच्या बाजारी तोच कोतवाल, तेच डफडे, त्याच जागा. मागे पाटील स्वतः चालत होते आणि प्रत्येक चौकात सांगत होते, "चूक माही होती." बाईच्या टोपलीपाशी पहिली आली ती त्या आजारी घरचीच सून. तिने भावही केला नाही.

या प्रकरणात कोणाला अटक झाली नाही. पण खबर आणि खरे यांत चुलीपर्यंतचे अंतर असते, हे मी तिथे शिकलो.

आता म्हातारपणी ते डफडे पुन्हा ऐकावे म्हणून जीव तुटतो. टीव्हीवर पट्टी येते, आणि मी चष्मा शोधेपर्यंत निघून गेलेली असते.