जशीच्या लेकीचं मोसाळं

जशीबेनचं तोंड म्हणजे रेडिओ. निजामपुऱ्यात मंदाकिनीबाईंकडे भांडी घासता घासता ती आपल्या अख्ख्या बाजवा वस्तीच्या बातम्या सांगायची, आणि तेही मराठीत, वर गुजरातीची फोडणी देऊन! पण लेकीचं लग्न ठरलं आणि ही बया एकदम गप्प झाली.

"काय गं, दातखीळ बसली की काय?" मंदाकिनीबाईंनी शेवटी विचारलंच.

जशीचे डोळे भरून आले. "बेन, माझ्या हेतलचं मोसाळं कोण आणणार?"

मोसाळं म्हणजे मामाकडचा आहेर. गुजराती लग्नात मामा वाजतगाजत येतो, भाचीसाठी पानेतर साडी आणतो. जशीला तर भाऊच नव्हता. मांडवात बायका कुजबुजतील, या विचारानं तिला घास गिळवत नव्हता.

"एवढंच ना? तू मला बेन म्हणतेस, म्हणजे बहीणच. माझा लेक अनिश तुला मावशी म्हणतो. मग माझा भाऊ तुझा कोण लागतो?"

भाऊ म्हणजे जयवंतराव! जुन्या शहरातल्या घडियाळी पोळातून रोज बहिणीकडे चहाला येणारे आणि "साखर जास्त झाली" याखेरीज जशीशी अवाक्षर न बोलणारे. अरे देवा! झोपाळ्यावर बसून त्यांनी सगळं ऐकलं होतं.

"मला विचारलंय का कुणी?" ते गुरगुरले. जशीला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मग त्यांनी पेपरची घडी घातली. "मंदा, माझी पगडी कुठं आहे ती शोध आधी."

तरी लग्नाच्या सकाळी जशी सारखी गल्लीच्या तोंडाशी जाऊन बघत होती. ही मोठी माणसं आपल्या गल्लीत खरंच येतील? शेजारणी तर "मोसाळं आलं का?" विचारून जीव खात होत्या.

तेवढ्यात ढोल वाजला. आई गं, काय तो थाट! पुढे लाल पगडीतले जयवंतराव, हातात पानेतरचं ताट. शेजारी मंदाकिनीबाई. आणि अनिश तर ढोलासमोर असा नाचत होता, की जशीला रडता रडता हसू फुटलं.

भावाचं तोंड गोड करायला तिनं पेढा उचलला. मग आठवण झाली, आणि तिनं हळूच त्याचा चिमूटभर तुकडा मोडला.

"साहेब, साखर..."

"साहेब घरी राहिला," जयवंतराव सगळ्या मांडवाला ऐकू जाईल असे ओरडले. "भावाला अख्खा पेढा भरव!"