चिंचेच्या पाण्यातला शंख

शांताक्काच्या हातून आयुष्यात एकच वस्तू हरवली, असं तिचे जुने विद्यार्थी अजून सांगतात. ती वस्तू हरवली नव्हती. मी नासवली होती, आणि कित्येक वर्षं गप्प बसलो होतो. अक्का गेल्याला आता महिना उलटला. भेटायला येणारे तोच किस्सा काढतात, आणि मला खाली बघावं लागतं.

अक्का माझी थोरली चुलत बहीण. छप्पन साली आमचा भाग म्हैसूर राज्यात गेला, त्याच वर्षी ती धारवाडच्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवू लागली. सुभाष रोडवर आमचं तांब्या-पितळेच्या भांड्यांचं दुकान, वरच्या मजल्यावर आम्ही सगळे. नॉर्वेला संशोधनासाठी गेलेल्या तिच्या मैत्रिणीने एकदा तिला तिथल्या थंड समुद्रातल्या गोगलगाईचा शंख चित्रं काढण्यापुरता दिला. मिऱ्याएवढा, वरून मातकट तपकिरी. "ह्याचं एवढं कौतुक?" मी म्हणालो. "भांडीवाल्या, इकडे ये," म्हणत तिने भिंग माझ्या हातात दिलं. मी वाकलो. वेटोळ्यावर केसाहून बारीक रेघा, एकीशेजारी एक, कुठेही हात न चुकलेल्या. तोंडाच्या आत मोत्याची झाक, हिरवट, गुलाबी. "हे टोक दिसतं?" अक्का हळू आवाजात म्हणाली. "अंड्यातून बाहेर आली तेव्हा तिचं घर एवढंच होतं. ते तिने टाकलं नाही. त्यालाच जोडून पुढे बांधत गेली, बर्फासारख्या पाण्यात. अंगात हाड नाही, हातपाय नाहीत." पितळेवर नक्षी काढणारे कारागीर मी लहानपणापासून पाहिले होते. त्या दिवशी दुकानातलं सगळं मला ओबडधोबड वाटलं.

दिवाळीच्या आधी अक्का कॉलेजच्या सहलीला गेली. परत आल्यावर ती मुलांना शंख दाखवणार होती. वरचा मळ निघाला तर ती मोत्याची झाक बाहेरूनही दिसेल, अक्का चकित होईल, असं माझ्या मनात आलं. आमच्या घरात काळवंडलेल्या प्रत्येक वस्तूला एकच औषध, चिंचेचा कोळ. मी शंख वाटीत भिजत घातला आणि खाली गिऱ्हाइकांच्या गर्दीत विसरून गेलो. दुसऱ्या दिवशी वाटीत शंख नव्हता. तळाशी कांद्याच्या पापुद्र्यासारखी पातळ तपकिरी साल होती, पण वेटोळं तसंच... टोकापर्यंत. घाबरून मी वाटी मोरीत ओतली. अक्काने घरभर शोधलं, मग मैत्रिणीला कळवलं की आपल्याच निष्काळजीपणाने हरवला. पुढे कुणी दुर्मीळ काही देऊ केलं की ती हात मागे घ्यायची. "नको बाई, मी धांदरट आहे," म्हणायची. दर वेळी मी खाली दुकानात निघून जायचो.

शेवटी ती केशवापूरला भाचीकडे होती. मी गेलो, खाटेजवळ बसलो आणि सगळं सांगून टाकलं. मला मान वर करवत नव्हती. अक्का कुशीवर वळली. मग "चिंच?" म्हणाली, आणि हसता हसता तिला ठसका लागला. "शंख म्हणजे चुना रे, दत्तू. आंबटात राहील कसा? साल तेवढी राहिली असेल... पाहिलीस?"

मी पाहिलं होतं तसं सांगितलं.

"हौदा? खरंच? वेटोळं तसंच? टोकासकट?" ती उशीवरून उठू लागली. चेहरा पुन्हा वर्गातल्या अक्काचा झाला होता. "त्या सालीच्या आतूनच चुना चढवते गोगलगाय. मी नुसतं वाचलंय रे, डोळ्यांनी कधी पाहिलं नाही. आतलं घर गेलं आणि आकार राहिला... आणि तू पाहिलंस! कुठे ठेवलीस ती?"

इतकी वर्षं मी शंखाबद्दल माफी मागायचे शब्द जुळवत आलो होतो. त्यांतला एकही आता उपयोगाचा नव्हता.

"मोरीत ओतली, अक्का," मी म्हणालो. "तुला न दाखवता ओतली. माझं चुकलं. मला क्षमा कर."