बाटलीच्या गळ्यातला दोरा

माझ्या मैत्रिणीच्या आईला घरात सगळे ‘सिस्टर’ म्हणत, मैत्रिणीचे वडीलसुद्धा. माझ्यासाठी त्या मावशी. मावशी इस्पितळात नर्स म्हणून वॉर्ड सांभाळायच्या आणि घरी येऊन घराचा वॉर्ड करायच्या. स्वयंपाकघरात सगळ्या बाटल्या एकसारख्या. पाण्याची, तेलाची, फरशी पुसायच्या औषधाची. वरचे कागद सोलून काढलेले, कारण कागदाखाली मळ साचतो.

काका, म्हणजे मैत्रिणीचे वडील, शिंपी होते. डोळे गेले तसं शिवणयंत्र बंद पडलं. मग त्यांनी बाटल्यांच्या गळ्याला दोरे बांधले. पाण्याला एक गाठ, तेलाला दोन, औषधाला तीन. तहान लागली तर कुणाला हाक मारावी लागू नये, एवढंच त्यांना हवं होतं.

मावशी ते दोरे कापून टाकायच्या. काका मैत्रिणीकडून पुन्हा बांधून घ्यायचे.

“अगं, माझे डोळे आहेत ते.”

“मग धुऊन वाळत घाला. कळकट झालेत.”

त्या दुपारी मी गेले, तेव्हा मैत्रीण बाहेर गेली होती आणि मावशी न्हाणीघर घासत होत्या.

“बस. पाणी मी आणतो,” काका म्हणाले. “अजून तेवढा कामाचा आहे मी.”

त्यांनी पेला आणला. थेंबही सांडला नाही. मी तो तोंडाशी नेला आणि थांबले. फरशीचं औषध होतं. मावशींनी सकाळीच दोरे कापले होते, काकांनी अंदाजानेच बाटली उचलली होती. घरभर त्याच औषधाचा वास, नाकाला तरी काय कळणार?

“गार आहे ना?” काकांनी विचारलं.

मी “हो” म्हणाले.

मावशी हात पुसत आल्या. पेल्यातला निळसर रंग त्यांना दारातूनच दिसला. त्यांनी पेला उचलून मोरीत ओतला, दोनदा घासला.

“आजपासून स्वयंपाकघरात पाऊल टाकायचं नाही,” त्या काकांना म्हणाल्या. “पोरीला औषध पाजत होतात.”

काकांचा चेहरा उतरला. “हिने तर हो म्हटलं,” ते पुटपुटले.

“मावशी, दोरा असता तर...”

“तर काय? घाण लोंबत राहिली असती.”

आता काका खिडकीजवळच्या खुर्चीत बसून असतात. तहान लागली की “सिस्टर” म्हणतात आणि वाट बघतात. मावशी हातातलं काम संपवून पाणी देतात, पेला लगेच परत घेतात. परवा मला म्हणाल्या, “आता बघ, घर कसं घरासारखं वाटतं.”

काका ऐकत होते. त्यांनी मान डोलावली.