भागीतलं लायसन
परवा बायकोच्या दहाव्याले न्हाव्यानं माझ्या डोक्यावर तुरटी फिरवली अन् त्या गार झोंबण्यासरशी शेतकी ऑफिसातली जुनी पेशी, म्हंजे लायसनची सुनावनी, आठवली. खत-बियाण्याचं दुकान माझं अन् माझ्या थोरल्या भागीदाराचं, पन लायसन त्यायच्या एकट्याच्या नावावर. ते गेले अन् ऐन मिरगाच्या तोंडावर दुकानाले कुलूप लागलं. त्यायचा पोरगा म्हने, वारस मी हावो. मी म्हनलं, इतके वर्स पोते मी वायले, हक्क माझाबी हाय. पेशीच्या दिवशी नको म्हनलं तरी बायको संगं आली. खोलीत औषधाच्या डब्यायचा उग्र वास भरला होता. साहेबानं विचारलं, "इसमें बेटा कौन है?" पोरगा म्हनला, "मैं. ये तो पराया आदमी है." तशी बायकोनं माझ्या डोक्यावरची टोपी उचलली. भागीदार गेले तवा मीबी पोरासारखं मुंडन केलं होतं, आमच्या गावच्या नाल्यावर, गुपचूप. "परका मानूस डोक्याचे केस काऊन काढीन रे बापू?" ती म्हनली. साहेब माझ्या अन् पोराच्या चकचकीत डोक्यायकडे पाहून हसला. पोरानं सोताच्या डोक्यावरून हात फिरवला, मंग म्हनला, "साब, दोनों का नाम लिखो." बाहेर आल्यावर बायकोनं त्याले आपल्या डब्यातली भाकर खाऊ घातली. परवा तोच पोरगा, आता पिकल्या केसायचा, न सांगता माझ्या बाजूले न्हाव्यापुढं बसला. मी म्हनलं, "बापू, तुले काय गरज हाय?" डोक्यावरची टोपी काढून त्यानं माझ्या मांडीवर ठेवली.